बिनहाताचा सौदा

अमळनेरच्या बकऱ्यांच्या बाजारात जाऊन कुणालाही विचारा, नूर महंमदचा हात कसा आहे. तो माणूस आधी तुम्हाला खालून वर न्याहाळेल आणि मग म्हणेल, "बाहेरगावचे दिसता." कारण ही काही विचारायची गोष्टच नव्हे. साठी ओलांडलेला, किडकिडीत, मेंदीनं लाल झालेली दाढी, खांद्यावर चौकड्यांचा रुमाल. दिसायला म्हणाल तर काहीच नाही. पण रुमालाखाली त्यानं एकदा तुमचं बोट दाबलं की सौदा झाला. मग आभाळ कोसळो, बकरा रातोरात मरो, नाहीतर गिऱ्हाइकाची बायको रुसून माहेरी जावो, नूर महंमद मागं हटणार नाही.

ज्यांनी हा बाजार पाहिला नाही त्यांना सांगायला हवं. आमच्याकडं भाव तोंडानं होत नाही, हातानं होतो. घेणाऱ्याचा एक दलाल, विकणाऱ्याचा एक. दोघं समोरासमोर उभे राहतात, हातावर रुमाल टाकतात आणि त्याखाली बोटं धरून आकडे सांगतात. चार बोटं धरली की चार, अख्खा पंजा धरला की पाच. तोंडानं मात्र भलतंच चाललेलं असतं, पाऊसपाणी, लेकीचं लग्न, गुडघेदुखी. भोवती पन्नास माणसं उभी असली तरी रुमालाखाली काय चाललंय ते कुणाला कळत नाही. भाव जुळला की बोट दाबायचं. मग थोडासा इसार द्यायचा, म्हणजे सौदा पक्का झाल्याची आगाऊ रक्कम. ना कागद, ना सही. सगळा बाजार त्या एका दाबलेल्या बोटावर उभा.

आणि मोडायचा झाला तर? तोही हातातच मोडायचा. समोरच्या दलालाचा हात पुन्हा रुमालाखाली धरायचा, काय झालं ते सांगायचं आणि त्यानं हात सोडला तर सुटायचं. पाठीमागं सौदा मोडणाऱ्याला आमच्या बाजारात चहासुद्धा कुणी पाजत नाही.

नूर महंमदनं आयुष्यात एकही सौदा मोडला नव्हता. एकदा चोपड्याकडचा एक व्यापारी त्याला बोट दाबायला सांगून स्वतः गायब झाला. दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, पार्टी पळाली, मी काय करू? यानं पदरचे पैसे मोजले आणि अख्खा कळप घरी आणला. त्या बकऱ्यांनी आठ दिवसांत त्याच्या बायकोचा, कनीजचा, लग्नातला शालू खाल्ला, मोहल्ल्यातली सगळी तुळस-मेंदी खाल्ली आणि शेजारच्या लताबाईंच्या भाचीच्या लग्नाच्या पत्रिका खाल्ल्या, त्याही वाटायच्या आधी. कनीज आजही शालूचा विषय निघाला की घास खाली ठेवते. पण तेव्हापासून सातपुड्याच्या पायथ्याचे लोक बकऱ्या घेऊन आले की दोरी सरळ नूर महंमदच्या हातात देतात आणि झाडाखाली जाऊन झोपतात. एवढी इज्जत कमावलेला माणूस हा. आणि त्याच माणसाच्या मागं एक पतंग लागला.

नूर महंमदला जिवापाड शौक एकच, पतंगाचा. तरुणपणी संक्रांतीला तो गच्चीवर चढला की अर्ध्या गावाचे पतंग खाली यायचे. पुढं गुडघे गेले. डॉक्टरनं सांगितलं, जिना विसरा. त्याच सुमारास मुलानं, शाहबाजनं, नरडाण्याच्या कारखान्यातल्या पगारातून बापाला चांगला फोन घेऊन दिला. शाहबाजची बायको महेक हुशार पोरगी. सासरे दुपारभर खाटेवर पडून आभाळाकडं बघतात हे तिनं पाहिलं आणि फोनवर पतंगाचा खेळ घालून दिला. अंगठ्यानं ढील द्यायची, अंगठ्यानं खेचायचं. म्हातारा हरखून गेला. पहिल्या दिवशी त्यानं जेवणाच्या ताटावरून दोनदा "काटा" म्हणून आरोळी ठोकली आणि कनीजच्या हातून वरणाची वाटी सांडली.

पण त्या आभाळात पोरं भारी होती. कुठली कोण जाणे, नूर महंमदचा पतंग वर गेला रे गेला की काटायची. चार दिवस त्यानं सोसलं. पाचव्या दिवशी पडद्यावर एक चमचमती फिरकी आली. सोनेरी मांजा. कधी काटला जात नाही. तीन दिवस फुकट, वापरून बघा. खाली बारीक अक्षरांची मुंग्यांची रांग होती आणि नूर महंमदचा चष्मा कनीजच्या शिवणाच्या डब्यात होता. त्याला दिसलं ते एवढंच की आत्ता दोन रुपये द्या. दोन रुपये म्हटल्यावर त्याला बरं वाटलं. इसार मागतायत म्हणजे माणसं रीतीची आहेत. त्यानं पिन घातला आणि अंगठा दाबला.

तीन दिवस त्यानं आभाळ साफ केलं. चौथ्या दिवशी बँकेचा मेसेज आला, साडेतीनशेच्या आसपास रक्कम गेली. नूर महंमदला त्यात गैर वाटलं नाही. बोट दाबलं, इसार दिला, माल वापरला, आता भाव नको मोजायला? त्याला खटकलं ते वेगळंच. चाळीस वर्षं दलाली करणाऱ्या माणसानं बोट दाबायच्या आधी भाव विचारला नव्हता. हे कळलं तर बाजारातली बकरीसुद्धा हसेल. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं म्हणून तो गप्प बसला.

पुढच्या महिन्यात पुन्हा तेवढेच गेले. आता मात्र त्याचं डोकं चालेना. बकरा एकदा विकत घेतला की झाला, त्याची किंमत दर महिन्याला कबरीतून उठून येते का? त्यानं रागानं खेळ बंद केला. पतंगाकडं बघायचंच सोडलं. तरी तिसऱ्या महिन्यात गेले, चौथ्यातही गेले. खेळ बंद, पैसे चालू. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. माणूस वाळायला लागला. आणि शेवटी पितळ उघडं पडलं ते कनीजमुळं.

कनीजला इंग्रजी वाचता येत नाही, पण एक शब्द ती बरोबर ओळखते, एंटरटेनमेंट. ऑर्केस्ट्राच्या पोस्टरवर तो असतो. तर फोन चार्जिंगला लावताना मेसेज वाजला, महेकनं वाचून दाखवला की कुठल्याशा एंटरटेनमेंटला पैसे गेले, आणि मागचे मेसेज काढले तर दर महिन्याला गेलेले. कनीजनं पोळपाट बाजूला केला. घरात ही माणसं आपली खानदेशी हिंदी बोलतात, आपण मराठीतच सांगू.

"शाहबाजचे अब्बा," ती शांतपणे म्हणाली, "या वयात कुठली एंटरटेनमेंट लावली?"

"काही नाही गं, पतंग आहे."

"पतंग? नाव पतंग आहे तिचं?"

झालं. मग सगळं सांगणं भाग पडलं. कनीजनं ऐकून घेतलं आणि खात्री झाल्यावर, की खरंच कागदाचासुद्धा नसलेला पतंग आहे, तिला आधी हसू आलं आणि मग शालू आठवला. महेकनं फोन हातात घेतला. "अब्बा, एवढंच ना? हे आपोआप कापून घेण्याला तुम्ही परवानगी दिली होती. मी रद्द करते, दोन मिनिटांचं काम आहे."

नूर महंमद खाटेवरून ताडकन उठला, गुडघ्यांसकट. "हात लावू नकोस."

"अहो पण अब्बा, ते दर महिन्याला घेतच राहतील."

"घेऊ देत. मी बोट दाबलंय, सूनबाई. समोरच्याला न सांगता, मागच्या मागं सौदा मोडायचा? हे चोराचं काम झालं. उद्या कुणी माझ्या पार्टीशी असं केलं तर मी कुठल्या तोंडानं भांडू?"

"समोर कुणी नाहीच, अब्बा. ते यंत्र आहे."

"यंत्राला पैसे कशाला लागतात? कुणीतरी घेतोय ना? मग त्याला हात असणारच. त्याचा हात दाखव, मी आत्ता सोडवून घेतो."

आता याला काय म्हणायचं ते म्हणा. येडा म्हणा. पण म्हातारा तसूभर हलेना. महेकनं पदर खोचला. ठीक आहे, हात नाही तर आवाज तरी ऐकवते, असं म्हणून तिनं कंपनीचा मदतीचा नंबर शोधून लावला आणि फोन सासऱ्यांच्या कानाला दिला. पलीकडून साखरेच्या पाकातली बाई बोलायला लागली. नूर महंमदनं सलाम केला, आपलं नाव, बापाचं नाव, गाव सांगितलं. मग बाईचं गाव विचारलं. बाई म्हणाली, हिंदीसाठी दोन दाबा. नूर महंमदनं चटका बसल्यासारखा हात मागं घेतला.

"काय झालं, अब्बा? दोन दाबा ना."

"दोन कशाचे? आधी भाव तर सांग म्हणावं. एकदा न विचारता दाबलं तर हे भोगतोय. आता पुन्हा दाबू?"

बाई म्हणाली, तक्रारीसाठी चार दाबा. म्हातारा म्हणाला, बघ, दोनवरून चारवर गेली, नुसती चढतेय. शेवटी बाई आपली आपणच थँक्यू म्हणून निघून गेली आणि कनीज पोळपाटावर डोकं टेकून हसत राहिली.

हसणं ओसरल्यावर मात्र तिनं नवऱ्याचा चेहरा पाहिला आणि उठून त्याच्याजवळ येऊन बसली. कारण त्याचं खरंच अवघड झालं होतं. पैशाचं दुखणं नव्हतं ते. मागच्या मागं मोडावं तर इमान जातं. रीतीनं मोडावं तर कंपनीच्या बाजूनं दुसरा दलाल उभा करावा लागतो. पार्टी परगावी असली तर तिच्यासाठी बाजारातला तोलामोलाचा दलाल उभा राहतो, अशी पद्धत आहे. पण त्याला सगळं सांगावं लागणार, की नूर महंमद भाव न विचारता फसला. मग नाव जातं. इमान की नाव, एवढ्याच दोन गोष्टी त्या माणसानं जन्मात कमावल्या होत्या आणि त्यातली एक द्यायची वेळ आली होती. रात्री तो जेवलाच नाही. कनीज म्हणाली, "तुम्ही शालू गेला तेव्हा इमान ठेवलंत. आताही ठेवा. नाव काय, ते लोकांचं असतं." तिला शालूचं नाव रागाशिवाय घेताना त्यानं पहिल्यांदाच ऐकलं.

तोलामोलाचा दलाल बाजारात एकच होता आणि तिथंच सगळी गोम होती. चुडामण. ढेरपोट्या, मिशा कानाला टेकलेल्या, आणि आवाज असा की बाजाराच्या या टोकाला शिंकला तर त्या टोकाच्या बकऱ्या उठून उभ्या राहाव्यात. सातपुड्याकडच्या विकणाऱ्यांसाठी नूर महंमद, तर धुळ्याच्या खाटकांसाठी आणि व्यापाऱ्यांसाठी चुडामण. जन्मभर दोघं रुमालाच्या दोन बाजूंना उभे राहिले. दोघांनी एकमेकांना घाम फोडला. वैर म्हणावं तर तसं नाही आणि मैत्री म्हणावं तर एकमेकांच्या घरचं पाणी प्यायलेले नाहीत. शिवाय चुडामणच्या पोटात गोष्ट राहत नाही. कुणाची बकरी आंधळी निघाली, कुणाचा जावई पळाला, ते आधी चुडामणच्या तोंडून बाजारात जातं आणि मग त्या घरी कळतं.

बाजार नसलेल्या दिवशी नूर महंमद चुडामणच्या ओट्यावर जाऊन उभा राहिला. चुडामण बशीतून चहा पीत होता. या माणसाला आपल्या दारात बघून त्याची बशी अर्ध्यावरच थांबली.

"नूरभाऊ, तोंड कसाले उतरेल शे?"

नूर महंमद बाजारात आणि बाजाराच्या माणसांशी अहिराणीच बोलतो. तो ओट्यावर बसला, जमिनीकडं बघत म्हणाला, "चुडामण, मी फसनू."

आणि सगळं सांगितलं. पतंग, सोनेरी मांजा, अंगठा, दर महिन्याला जाणारे पैसे. आता हा हसेल, मग हसेल, याची वाट बघत तो बोलत होता. पण चुडामण हसला नाही. त्यानं बशी खाली ठेवली. आत बायकोला दार लोटून घ्यायला सांगितलं. मग असे बारीक बारीक प्रश्न विचारले की नूर महंमदला नवल वाटलं. खेळ काढून टाकला तरी जातात का? जातात. बँकेत सांगितलं तर? माहीत नाही. सून काय म्हणते, खरंच बंद होतं? कुणाला कळत तर नाही? नूर महंमदच्या मनात आलं, कितीही बोलघेवडा असला तरी माणूस दलाल पक्का. दुसऱ्याची बाजू घ्यायची तर आधी मालाची नीट चौकशी करतोय.

"ठीक शे," चुडामण शेवटी म्हणाला आणि मांडी बदलून बसला. "आते मी कंपनी शे. आन हात."

रुमाल पडला. आणि चुडामणनं कंपनीची बाजू अशी घेतली की जणू त्याच्या बापानं ती काढली होती. बोट दाबलं ना? मग आता रडतोस कशाला? माल वापरला ना? तीन दिवस पोरांचे पतंग काटताना गोड वाटलं? नूर महंमदनं सुटण्याची भरपाई म्हणून चार बोटं धरली, चुडामणनं झटकली. पंजा धरला, तोही झटकला. कंपनी सोडत नाही म्हणाला. नूर महंमदला राग येत होता आणि खरं सांगायचं तर बरंही वाटत होतं. इतक्या महिन्यांनी समोर कुणीतरी हात होता. घाम असलेला, जाड बोटांचा, ओळखीचा हात.

"इसार कितला दिधा व्हता?" चुडामणनं रीतीप्रमाणं विचारलं.

"दोन रुपया."

"तवढाच? मंग?"

"मंग काय. परत उनात, लगेच. सून म्हने, तपासाले घेतस आनि परत देतस."

चुडामणचा हात रुमालाखाली एकदम ढिला पडला. त्यानं नूर महंमदकडं बघितलं. नूर महंमदनं त्याच्याकडं बघितलं. दोन म्हाताऱ्या डोक्यांत एकाच वेळी तीच गोष्ट लखकन आली. बाजारातल्या कुठल्याही पोराला ठाऊक असलेली गोष्ट. विकणाऱ्यानं इसार परत केला म्हणजे सौदा त्यानंच मोडला. मग माल तुझा तुला, पैसा माझा मला. त्यानंतर कुणी कुणाचं देणं लागत नाही.

"इसार परत करा म्हंजे सौदा त्यानीच मोडा," चुडामण सावकाश म्हणाला. "पहिलाच दिवशी. त्यानामांगे जे लिधं ते बठ्ठं चोरी शे." मग त्याचा आवाज चढला, आतून बायको डोकावली. "आनि मी चोरना दलाल व्हयनू? चोरसाठे मी तुन्हासंगे भांडनू?" त्यानं हात असा बाहेर काढला जणू गटारात गेला होता आणि धोतराला पुसला.

नूर महंमद ओट्यावर बसल्या जागी रडला. अगदी पोरासारखा. चाळीस वर्षं राखलेलं इमान गेलं नव्हतं, आणि ज्या कंपनीच्या सौद्यापायी तो झुरत होता तिनं तो पहिल्याच दिवशी लाथाडला होता. चुडामणनं त्याला पाणी दिलं. तो प्यायला. जायला निघाला तेव्हा चुडामणनं मागून आवाज दिला, "नूरभाऊ, मन्ही दलाली राहिनी. ती मी बाजारमा लिसू."

नूर महंमद पायरीवरच थबकला. बाजारात. म्हणजे सगळ्यांसमोर.

घरी येऊन त्यानं फोन महेकपुढं ठेवला आणि म्हणाला, "मोड." महेकनं झटपट इकडं तिकडं बोटं फिरवली. शेवटचं बटण दाबणार तोच पडद्यावर रडकं तोंड केलेला एक पतंग आला. जाऊ नका. तुमच्यासाठी खास, अर्ध्या किमतीत.

नूर महंमदनं सुनेचा हात धरला. चष्मा नाकावर चढवला. डोळ्यांत जुनी चमक आली. "थांब. पार्टी उतरली."

"अब्बा..."

"अर्ध्यावर आली, म्हणजे इतके दिवस दुपटीनं घेत होती. आता आपण उठून चालायला लागायचं. दहा पावलं गेलो की हाक मारते बघ. चवथाईत देईल."

कनीजनं पोळपाटावरूनच लाटणं उचललं. तिला कुणाला मारायचं नव्हतं, नुसतं उचललं. महेकनं सासऱ्यांच्या हाताखालून अंगठा घालून बटण दाबलं. रद्द झालं. गेलेले पैसे काही आले नाहीत. म्हातारा तासभर हळहळत होता, ते पैशांसाठी नव्हे. अजून उतरली असती, म्हणत होता.

पण बाजाराचा दिवस जवळ यायला लागला तशी त्याची झोप उडाली. चुडामणला सगळं ठाऊक होतं. आणि चुडामणच्या पोटात गोष्ट राहत नाही. दलाली बाजारात घेईन म्हणाला, म्हणजे काय करेल? भर गर्दीत रुमाल टाकेल, भलता आकडा दाबेल, आणि नाही म्हटलं तर तोंड उघडेल. तसं केलं तर त्याचं चूक कसं म्हणायचं? दलाली त्याचा हक्क आहे. नूर महंमदनं ठरवलं, मागेल ते द्यायचं. कनीजला न सांगता त्यानं खिशात नोटा घातल्या आणि बाजारात गेला.

बाजार भरात होता. बकऱ्या बें बें करत होत्या, चहाच्या गाडीवर भज्यांचा घाणा उतरत होता. नूर महंमद एका कडेला, झाडामागं, कुणाच्या नजरेला पडू नये असा उभा राहिला. पण चुडामणची नजर म्हणजे घारीची.

"नूरभाऊ!" सगळ्या बाजारानं माना वळवल्या. "इकडे ये. हिशेब बाकी शे आपला."

लोक गोळा झाले. हे दोघं समोरासमोर उभे राहिले की तमाशा बघायला माणसं जमतातच. चुडामणच्या पुढ्यात एक तगडा काळा बकरा होता, त्याचं निमित्त करून त्यानं रुमाल पसरला. नूर महंमदनं मनात अल्लाचं नाव घेतलं आणि हात खाली घातला.

बोटं नव्हती. त्याच्या तळहातावर काहीतरी चपटं, टणक आणि कोमट आलं. त्यानं अंगठ्यानं चाचपलं. काच. कडेला दोन बारीक बटणं. फोन होता.

चुडामण त्याच्याकडं बघत नव्हता. तो बकऱ्याचे दात बघत होता, मोठ्यानं म्हणत होता, काय दात आहेत, काय कान आहेत. आणि मधेच, मिशीतल्या मिशीत, ओठ न हलवता, कुणाला ऐकू जाणार नाही असं बोलला.

"लगीनना केक बनाडाना खेळ शे. दोन साल व्हयनात, पैसा जाईच राहिनात." त्यानं बकऱ्याचा कान उलटा करून पाहिला. "मन्हा बी इसार परत उना व्हता, नूरभाऊ. माले समजनंच नही. तुन्ही सूनले सांग."

नूर महंमदनं वर पाहिलं. घाम चुडामणच्या मिशांवरून खाली ओघळत होता. हा दांडगा माणूस, धुळ्याच्या खाटकांना एका आरोळीत गप्प करणारा, दोन वर्षं लग्नाचे केक सजवत होता आणि कुणाला सांगू शकत नव्हता. आता त्याचं सगळं नाव नूर महंमदच्या तळहातावर होतं. रुमाल नुसता उचलला असता तरी बाजार पुढचं वर्षभर हसला असता. जन्मभराच्या सगळ्या झटकलेल्या बोटांचं उट्टं निघालं असतं.

"कितला?" गर्दीतून कुणीतरी विचारलं. "कितला म्हने चुडामण?"

नूर महंमदनं फोन अलगद बाहीत सरकवला. मग चुडामणचं जाड बोट शोधलं आणि दाबलं.

"सौदा व्हयना," तो मोठ्यानं म्हणाला आणि रुमाल खांद्यावर टाकला.

लोक आकड्याचे अंदाज बांधायला लागले. कुणी म्हणालं अठरा हजार, कुणी म्हणालं वीस. नूर महंमद गुडघे सांभाळत घराकडं निघाला. बाजाराच्या तोंडाशी येतो न येतो तोच बाहीतून एक बाईचा गोड आवाज आला, तुमचा केक तयार आहे. नूर महंमद मोठ्यानं खोकला आणि खोकतच राहिला, थेट घर येईपर्यंत.